चंद्रभागाबाईचा अंगठा

"आंगठा माहाच हाय बाई. पन म्या देल्ला नाही."

दारातूनच एवढं बोलून चंद्रभागाबाई उंबऱ्यावर टेकली. साठी ओलांडलेली, उजव्या पायाने अधू, हातात काठी, आणि नजर अशी की समोरच्याला विनाकारण आपलीच एखादी चूक आठवावी. तिच्या मागे पिशवी सांभाळत तिचा धाकटा भाऊ केवळराम उभा होता.

भंडाऱ्याला कोर्टामागच्या गल्लीत निर्मलाबाई डोंगरवारांचं दोन खोल्यांचं ऑफिस होतं. नवरा वकील. तो गेला तेव्हा सगळ्या गल्लीला वाटलं, बाई आता टेबलखुर्च्या विकून माहेरी जाणार. बाईंनी फक्त पाटी बदलली. 'खाजगी तपास' एवढीच अक्षरं. वकिलांना जे शोधायला सवड नसते ते त्या शोधून द्यायच्या. साहेबांचा मुन्शी खुशाल मात्र तोच राहिला. देह मोठा, मन त्याहून मोठं, आणि डोकं आपल्या मर्जीच्या चालीने चालणारं.

"असं कसं होईल आजी?" खुशाल म्हणाला. "आंगठा तुमचा, अन देल्ला नाही? मंग काय आंगठा एकटाच चालत गेला कागदावर?"

"खुशाल, चहा सांग," निर्मलाबाई म्हणाल्या. "आणि आजींना खुर्ची दे."

"नको. मी अठीच बरी," चंद्रभागाबाई म्हणाली, आणि सांगू लागली.

मोहाडी तालुक्यात, आंधळगावच्या पलीकडे बोडीटोला. गावाला एक बोडी, म्हणजे छोटा तलाव, आणि तिच्या पाळीखाली लंजे घराण्याच्या धानाच्या बांध्या, म्हणजे भातखाचरं. दोन भावांची जमीन सामाईक होती. धाकटा कवडू, चंद्रभागाबाईचा नवरा, एकोणऐंशीच्या जेठात वारला. थोरला गोमाजी त्याच साली दिवाळीत गेला. कवडूच्या जागी सातबाऱ्यावर चंद्रभागाबाईचं नाव चढलं, गोमाजीच्या जागी त्याचा मुलगा घनश्याम. चार वर्षं सुरळीत गेली. मग गेल्या साली घनश्यामने एक कागद बाहेर काढला.

कागदावर तारीख एकोणऐंशीच्या ऑगस्टची. घरगुती वाटणीची याद. मजकूर असा, की मी कवडूची विधवा, मला मूलबाळ नाही, अन्नवस्त्राच्या बोलीवर मी माझा हिस्सा राजीखुशीने दीर गोमाजी यांना सोडला आहे. खाली अंगठा. फेरफार झाला आणि चंद्रभागाबाईच्या नावाला कंस पडला, म्हणजे ते सातबाऱ्यावरून कमी झालं. तिने दावा लावला. कोर्टाने अंगठा नागपूरच्या तज्ज्ञाकडे पाठवला. तज्ज्ञाने छातीठोक सांगितलं, अंगठा हिचाच.

"पुढच्या हप्त्यात शेवटची तारीख हाय," केवळराम हळूच म्हणाला. "वकील म्हनते, समझोता करा. मी बी तेच म्हनतो बाई. घनश्याम माहा जवाई हाय. माही चंद्रकला देल्ली हाय त्या घरी. ताईनं आयुष्यभर माह्या घरी राहावं, मी काय तिले उपाशी ठेवीन?"

"तू नाही ठेवनार," चंद्रभागाबाई म्हणाली. "पोटाचं नाही मी म्हनत बाई. सातबाऱ्यावर माहं नाव हाय तवरक मी कवडू लंज्याची बायको हावो. ते नाव गेलं, तं मी कोनाची? या वयात मले कोनाचीच नसलेली बाई करून राहिले हे लोक."

असं म्हणताना तिचा आवाज फुटला. लगेच तिने पदराने तोंड पुसलं, जणू घाम होता.

निर्मलाबाईंनी वकिलाने दिलेला अंगठ्याचा मोठा केलेला फोटो टेबलावर ठेवला. फोटो झकास होता. प्रत्येक रेष वेगळी, मध्ये भोवरा, कडेपर्यंत सगळं कोरून काढल्यासारखं. खुशालने मान तिरकी केली, फोटो फिरवला, पुन्हा फिरवला.

"बाई, फोटोवाल्यानं उलटा काढला. टोक खाली हाय आंगठ्याचं."

"फोटो सरळ आहे खुशाल. वरची अक्षरं बघ."

खुशालने अक्षरं बघितली. अक्षरं सरळ होती. अंगठाच उलटा होता.

"आजी, कोऱ्या कागदावर कधी अंगठा दिलात?"

"नाई. आंगठे तं लय देल्ले. राशनच्या दुकानात, सोसायटीत. पाय मोडला तवा दवाखान्यात. कोरा कागद मी नाही ओळखत काय? वाचता येत नाही, पन दिसते ना!"

"पाय कसा मोडला?"

"दोन साल झाले. धानाचा रोवणा लागाच्या आधी बोडीच्या पाळीवरून घसरली. पलस्तर केलं, अन मंग केवळरामनं मोहाडीले आपल्या घरी नेलं. पूर्ण पावसाळा, पूर्ण हिवाळा खाटेवर. जनमात एवढी कधी निजली नव्हती. हात असे मऊ झाल्ते बाई, कोन्या साहेबाच्या बायकोसारखे. मलेच लाज वाटे." ती पहिल्यांदा हसली. "तवापासून बांधीत उतरनं बंद. पाय धरत नाही चिखलात."

"सेवा कोणी केली?"

"यानंच." तिने काठीने भावाकडे दाखवलं. "पोटच्या पोरानं नसती केली."

केवळरामची मान खाली गेली. "मोठी बहीन हाय, करनार नाही काय? घरवाली आधीच गेली. कोनालेच खाटेजवळ फिरकू देल्लं नाही बाई. पानी बी मीच पाजो, गोळी बी मीच देवो."

निर्मलाबाई त्याच्याकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "भाग्य लागतं असा भाऊ मिळायला."

दुसऱ्या दिवशी खुशालच्या राजदूतवर दोघं मोहाडीला गेली. मोटरसायकलवर खुशाल बसल्यावर मागे किती जागा उरते हा भंडाऱ्यात चर्चेचा विषय होता, पण बाईंनी त्याची कधी तक्रार केली नाही.

तहसील कचेरीच्या आवारात चिंचेखाली वासुदेवराव अर्जनवीस बसत. पांढरंशुभ्र धोतर, नाकावर चष्मा, पुढ्यात उतरतं मेज. तो कागद त्यांच्याच अक्षरातला होता आणि ते त्यांनी झटक्यात कबूल केलं.

"लिहिला म्हणजे? माझ्याच हाताने लिहिला. कोर्टात शपथेवर सांगून आलो. बोडीटोल्याला गोमाजीच्या पडवीत बसून. दुपार कलली होती. ती बाई रोवण्यातून उठून आली, कोपरापर्यंत चिखल. मी म्हटलं, अशा हाताने कागद खराब होईल. हात धुवायला लावले. वरून मी स्वतः ओल्या फडक्याने तिचा अंगठा पुसला, शाई लावली आणि टेकवला."

"इतकं आठवतं तुम्हाला?"

"अहो, आमचा धंदाच आठवण्याचा आहे."

"मग अंगठा उलटा का हो?"

वासुदेवराव जराही अडखळले नाहीत. "मी मेजाच्या अलीकडे, बाई पलीकडे. कागद माझ्याकडे सरळ होता. तिचा हात समोरून आला. उलटाच उमटणार."

खुशालला ते एकदम पटलं. परतताना तो म्हणाला, "बाई, हे तं मोकळं झालं. उलट्याचं काही नाही."

"चांगलं उत्तर दिलं त्यांनी," निर्मलाबाई म्हणाल्या. "गाडी बोडीटोल्याला घे."

गावाच्या अलीकडेच रस्ता पाळीवर चढतो. वर आल्यावर निर्मलाबाईंनी खुशालला थांबायला सांगितलं. एका बाजूला बोडी काठोकाठ भरलेली, पाण्यावर कमळाची पानं आणि पलीकडे जंगलाची काळी रेघ. दुसऱ्या बाजूला पाळीखाली बांध्याच बांध्या, एकीतून दुसरीत पाणी उतरत चाललेलं, आणि त्यात ओळीने वाकून रोवणा, म्हणजे धानाची लावणी, करणाऱ्या बायका. कोणा पूर्वजांनी डोक्यावर माती वाहून ही पाळ घातली, आणि किती पिढ्या त्यावर जेवतात! बाईंना हे दरवर्षी दिसायचं आणि दरवर्षी त्यांचे हात नकळत जोडले जायचे.

"कोर्टात याले नुसता गट नंबर म्हनते," खुशाल म्हणाला. कधीकधी खुशालही बरोबर बोलत असे.

घनश्याम घरीच होता. पस्तिशीचा, गोड बोलणारा, पायजम्यावरही मनगटात घड्याळ मिरवणारा. त्याने पाट दिला, चहा सांगितला. चहा घेऊन चंद्रकला आली, कप ठेवले आणि कोणाकडेही न बघता आत गेली.

"काकूशी माहं काही वैर नाही जी," घनश्याम म्हणाला. "वकिलांनी भरवलं तिले. त्या साली काय झालं, काका नुकताच गेल्ता अन मजूर भेटेना. काकूनं तेराव्यानंतर पदर खोचला अन पूर्ण रोवणा अंगावर ओढला. लोकं अजून सांगते. पऱ्ह्याची रोपं खोदाची, रोवाची, सकाळपासून दिवा लागेपर्यंत. महिनाभर चिखलाबाहेर आली नाही. मंग थकली बिचारी. बाबाले म्हने, भाऊजी, घ्या ही जमीन, मले दोन घास द्या. त्याच दिवशी बांधीतून उठून आली अन आंगठा देल्ला. मी होतो ना समोर."

"हे तुम्ही कोर्टातही सांगितलंत?"

"शब्दाले शब्द."

"काकूंचा पाय मोडला तेव्हा भेटायला गेला होतात?"

"कशाचं! सगळी शेती माह्या अंगावर, सासऱ्याच्या दारात पाय ठेवाले सवड नव्हती मले. चंद्रकला बाळंतीन होती, थे बी गेली नाही. जे केलं थे सासऱ्यानं एकट्यानं केलं."

बाहेर पडल्यावर निर्मलाबाई मोटरसायकलकडे न जाता बांधीच्या धुऱ्यावरून, म्हणजे अरुंद बांधावरून, चालू लागल्या. पातळ साडी, पायात चपला, आणि दोन्ही बाजूंना गुडघाभर चिखल. खुशाल मागून देवाचं नाव घेत आला. वाकलेल्या बायकांनी माना वर केल्या.

"पाय घसरन व बाई!" एकजण ओरडली.

"घसरला तर धरा," निर्मलाबाई म्हणाल्या आणि धुऱ्यावर फतकल मारून बसल्या. पिशवीतून त्यांनी शाईचं पॅड काढलं आणि एक कोरा कागद. "मला तुमचे अंगठे द्या. हात धुऊन."

बायका हसायला लागल्या. "आमची जमीन लिहून घेतं काय व?" "माह्या नवऱ्याची घे, पडीकच हाय!" पण हात धुऊन एकेक आली आणि अंगठा टेकवून गेली. कागदावर उमटले ते नुसते निळे डाग. कुठे एखादी चीर, कुठे तुटका तुकडा, बाकी सपाट.

"तू पण दे खुशाल."

खुशालचा अंगठा त्यांच्या शेजारी उमटला. जाडजूड, एकूणएक रेष मोजून घ्यावी असा.

निर्मलाबाई त्या कागदाकडे बघत बसल्या. एका म्हातारीचा हात त्यांनी हातात घेतला, उलटा केला, अंगठ्यावरून आपलं बोट फिरवलं. नदीतल्या गोट्यासारखा गुळगुळीत होता तो. बाईंच्या डोळ्यांत पाणी आलेलं खुशालने पाहिलं, आणि तो घाबरला. साहेब गेले त्या दिवसानंतर त्याने ते पाहिलं नव्हतं.

"काय झालं बाई?"

"काही नाही. आपण रोज भात खातो, खुशाल. एवढंच झालं."

तारखेच्या आदल्या दिवशी निर्मलाबाईंनी सगळ्यांना बोडीच्या पाळीवर, मोहाच्या झाडाखाली बोलावलं. निरोप असा की समझोत्याचं बोलायचं आहे. समझोता म्हटल्यावर घनश्याम इस्त्रीचा सदरा घालून आला. वासुदेवराव शाई-कागद घेऊनच आले. केवळरामने बहिणीला हात धरून पाळीवर चढवलं आणि तिच्यासाठी घोंगडी अंथरली. चंद्रकला लेकराला कडेवर घेऊन झाडाआड उभी राहिली. खाली रोवणा करणाऱ्या बायका कामं थांबवून वर आल्या, त्यांना कोणी बोलावलं नव्हतं आणि कोणी हाकललंही नाही.

"समझोत्याआधी एक गोष्ट," निर्मलाबाई म्हणाल्या. "अंगठा चंद्रभागाबाईंचाच आहे. त्यात वाद नाही."

घनश्यामने सुटकेचा श्वास सोडला. चंद्रभागाबाईचा चेहरा पांढरा पडला.

"वाद एवढाच, की तो कधीचा आहे. वासुदेवराव, बाई चिखलातून उठून आली, तुम्ही स्वतः अंगठा पुसलात. बरोबर?"

"शपथेवर सांगितलंय."

"घनश्याम, त्या साली काकूंनी महिनाभर रोवणा केला. दिवसभर पऱ्हे उपटले, दिवसभर रोवले."

"अख्खा गाव सांगेल."

"सांगेलच. मी विचारलं. खरं आहे ते." निर्मलाबाईंनी फोटो बाहेर काढला. "हा त्या दिवशीचा अंगठा. आणि हे बघा, या बायकांचे अंगठे. या हप्त्यात घेतलेले, रोवणा करताना, हात स्वच्छ धुऊन."

दोन्ही कागद त्यांनी घोंगडीवर शेजारी ठेवले. सगळे वाकून बघू लागले.

"याले तं रेषाच नाही," खुशाल म्हणाला. "बाई! त्या दिवशीपासून कागद माह्याच पिशवीत होता, अन मले दिसलं नाही!"

"मलाही जन्मभर दिसलं नव्हतं. पऱ्हा उपटताना जोर अंगठ्यावर येतो. रोवताना अंगठ्यानेच मूळ चिखलात दाबायचं. सकाळपासून संध्याकाळपर्यंत, हजारदा. वर पाणी, वर वाळू. कातडीवरच्या रेषा झिजून जातात. आपण म्हणतो, माणसाची ओळख अंगठ्यात असते, देवाने दिलेली, कोणी पुसू शकत नाही. आणि ह्या बायका ती दर सालाला ह्या मातीत पुसून येतात. आपल्या ताटात भात यावा म्हणून. मी त्या दिवशी धुऱ्यावर बसले, आणि मला बोलवेना."

बायकांमधल्या म्हातारीने आपला अंगठा डोळ्यांपुढे धरला आणि प्रथमच बघावा तसा बघितला.

"तुम्ही दोघांनी साक्ष चांगली बसवलीत," निर्मलाबाई पुढे म्हणाल्या. "चिखल, ओलं फडकं, थकलेली बाई. खोटं खरं वाटावं म्हणून तुम्ही त्यात रोवणा घातलात, कारण ऑगस्टात इथे दुसरं काही सुचतच नाही. साधं सांगितलं असतं की बाई नवऱ्याच्या दुःखात घरी बसली होती, तर मी आज हात जोडून घरी गेले असते. महिनाभर रोवणा केलेल्या बाईला असा अंगठा नसतो. हा कागद ऑगस्टातला नाही."

"मंग... मंग कधीचा?" घनश्यामने विचारलं.

"तारीख तुम्हाला ऑगस्टचीच टाकावी लागली. कवडू जेठात गेले, गोमाजी दिवाळीत. विधवेने दिराला द्यायचं तर मधला काळ पाहिजे, आणि तो सगळा धानाचा. पण अंगठा दुसऱ्या वेळचा आहे. पावसाळ्यात रोवणा, कातिकात कापणी, मग मळणीचा चुरणा, उन्हाळ्यात मोहफुलं, तेंदूपत्ता. या बाईच्या अंगठ्याला जन्मात आराम नव्हता. फक्त एकदा मिळाला."

"खाटेवर," खुशाल पुटपुटला. "हात मऊ झाल्ते, म्हने आजी."

"काम थांबलं की रेषा परत उगवतात. हळूहळू, आतून. महिने खाटेवर काढल्यावर तिचा अंगठा लहान पोरीसारखा नवा झाला. आणि अंगठा उलटा आहे. मेजापलीकडून घेतला तर उलटा येतो, वासुदेवराव, हे खरं. पण निजलेल्या माणसाच्या उशाशी बसून, त्याचा हात उचलून, कागद आपल्या मांडीवर धरून घेतला, तरीही उलटाच येतो. घनश्याम त्या घरात गेलेला नाही, हे तो स्वतः सांगतो. आणि उशाशी कोण बसायचं..."

"बाई, थांबा."

चंद्रभागाबाई काठीवर जोर देऊन उठायला बघत होती. तिला उठता आलं नाही. "नाव नका घेऊ. तुमच्या तोंडून नको."

ती भावाकडे बघत होती. केवळराम मोहाच्या बुंध्याला टेकून उभा होता. मग त्याने जमिनीवर बसकण मारली.

"मीच, ताई."

झाडाआडून चंद्रकलेचा हुंदका आला.

"यानं कोरा कागद आनून देल्ला," केवळराम घनश्यामकडे न बघता म्हणाला. "म्हने, आंगठा आना, नाही तं बाळंतीन पोरगी तुमच्या दारी सोडीन, परत नेनार नाही. चंद्रकलेले काहीच माहीत नाही. मले वाटलं, तुले मूल नाही, मीच हावो तुले. जमीन पोरीच्या घरात राहीन, तू माह्या घरी राहशीन, कोनाचं काय जाते? तुले झोपेची गोळी देल्ती डाक्टरनं. तू गाढ निजली होती. म्या तुहा हात उचलला. हात इतका हलका लागला, ताई... आन मी तरी बी टेकवला."

कोणीतरी बाई "अगं माय" म्हणाली. घनश्याम "हे खोटं हाय" म्हणून ओरडला, पण वासुदेवराव आपले शाई-कागद उचलून पाळ उतरू लागले होते, आणि ते बघितल्यावर त्याचं ओरडणं आपोआप बंद पडलं.

चंद्रभागाबाई आपल्या उजव्या अंगठ्याकडे बघत होती.

"माह्या आंगठ्यावर रेषा नव्हत्या केवळराम," ती म्हणाली. "जनमभर नव्हत्या. तुह्या हातचं खाऊन आल्या. तुनंच आनल्या, अन तुनंच चोरल्या."

केवळराम रडायला लागला. चंद्रकला झाडाआडून पुढे आली, लेकरू आत्याच्या मांडीवर ठेवलं आणि तिच्या शेजारी घोंगडीवर बसली. नवऱ्याने हाक मारली तरी ती उठली नाही.

दुसऱ्या दिवशी कोर्टात केवळरामने स्वतःहून साक्ष दिली. रोवणा करणाऱ्या बायका बैलगाडीतून मोहाडीला आणि तिथून बसने भंडाऱ्याला आल्या होत्या. नागपूरच्या तज्ज्ञाला पुन्हा बोलावलं गेलं. त्याने बायकांचे अंगठे घेतले, भिंग लावलं, आणि म्हणाला, की अशा हातांचा नमुना त्याच्यापुढे कधी आलाच नव्हता, कारण असे अंगठे 'अस्पष्ट' म्हणून परत पाठवले जातात. न्यायाधीशांनी भिंग मागून घेतलं. ते रोवणा करणाऱ्या म्हातारीचा हात बघत राहिले.

निकाल लागला. कागद बनावट ठरला, घनश्याम आणि वासुदेवराव यांच्यावर फौजदारी झाली, आणि फेरफार रद्द करण्याचा हुकूम निघाला. हुकूम तलाठ्याच्या टेबलापर्यंत यायला पुढचा श्रावण उजाडला. सरकारी कागद आपल्या पायांनी येतो, त्याला मोटरसायकल नसते.

त्या दिवशी निर्मलाबाई आणि खुशाल मुद्दाम बोडीटोल्याला गेले. चंद्रभागाबाई घरी नव्हती. बांधीच्या धुऱ्यावर बसली होती. अधू पाय लांब केलेला, आणि दोन्ही हातांनी बसल्या बसल्या पऱ्हे उपटून मुठी बांधत होती. चंद्रकला चिखलात उभी राहून मुठी उचलत होती.

"काम करू नका म्हटलं होतं ना डॉक्टरांनी?" निर्मलाबाई म्हणाल्या.

"उभं राहू नको म्हटलं व. बसून काय करू नको, असं कोठी म्हटलं?"

नोंदीवर अंगठा द्यायला सगळे निघाले, तेव्हा तलाठ्याच्या खोलीपर्यंत केवळराम मागून आला. आत आला नाही. सालभर चंद्रभागाबाई त्याच्याशी बोलली नव्हती. दारात तिने पिशवी त्याच्यापुढे धरली, न बोलता, आणि त्याने ती दोन्ही हातांनी घेतली.

तलाठी नवा होता, तरुण, नीटनेटका. त्याने नोंद वाचून दाखवली. कवडू लंजे यांची विधवा चंद्रभागाबाई. ती ऐकताना तिने डोळे मिटले आणि पुन्हा एकदा वाचायला सांगितलं. मग त्याने शाईचं पॅड पुढे केलं. तिने अंगठा टेकवला.

तलाठ्याने कागद उजेडाकडे धरला. "आजी, नीट उमटला नाही. पुन्हा द्या."

तिने हात पुसला, पुन्हा दिला.

"अहो, नुसता डाग पडतोय. रेषाच नाहीत. अजून एकदा, दाबून."

चंद्रभागाबाईने अंगठा वर केला आणि खिडकीच्या उजेडात बघितला. निळा, गुळगुळीत, मध्ये एक बारीक चीर, आणि चिरेत मातीची रेघ. निर्मलाबाईंनी तो पाहिला आणि नकळत त्यांचे हात जोडले गेले.

"राहू दे बाबू," चंद्रभागाबाई म्हणाली. "उमटला नाही, तोच माहा."